मन जमिनीत सापडत नाही, मग आदिमानव काय विचार करायचा हे कळतं कसं?

हाडं टिकतात, दात टिकतात, दगडाची हत्यारं तर लाखो वर्षं मातीत जशीच्या तशी पडून राहतात. विचार मात्र माणसाबरोबरच संपतो. भीती, हौस, चिकाटी, उद्याची काळजी यातलं काहीही उत्खननाच्या खड्ड्यातून घमेल्यात येत नाही. त्यामुळे बराच काळ पुरातत्त्वज्ञ या प्रश्नाच्या वाटेला फारसे जात नसत. प्राचीन लोक काय खायचे, कुठे राहायचे, शिकार कशाने करायचे हे सांगायचं आणि मनाबद्दल बोलायचं टाळायचं, अशी एकंदर रीत होती.

१९५४ साली ख्रिस्तोफर हॉक्स या ब्रिटिश पुरातत्त्वज्ञाने ही अडचण एका शिडीच्या रूपात मांडली. सगळ्यात खालच्या पायरीवर वस्तू घडवण्याचं तंत्र, कारण वस्तू समोरच असते. त्याच्या वर पोट भरण्याची साधनं. त्याच्या वर समाजाची रचना. आणि सगळ्यात वरच्या पायरीवर श्रद्धा. जितकं वर जाल तितका पुरावा विरळ होत जातो आणि अंदाज वाढत जातो. पुढे १९८२ मध्ये केंब्रिजला कॉलिन रेनफ्रू यांनी आपल्या भाषणात आग्रह धरला की मनाचंही पुरातत्त्व व्हायला हवं, फक्त त्याला पुराव्याची शिस्त हवी. आज या अभ्यासाला बोधात्मक पुरातत्त्व म्हणतात. यात पुरातत्त्वज्ञ वस्तू आणि तिचा संदर्भ आणतात, मानसशास्त्रज्ञ ती वस्तू करायला मनाला काय काय जमावं लागतं ते तपासतात.

या सगळ्या कामाच्या मुळाशी एक साधा प्रश्न आहे: ही वस्तू तयार व्हायला कमीत कमी केवढं मन लागेल? ‘कमीत कमी’वर भर आहे, कारण आपली सवय उलट असते. जुनी वस्तू हातात आली की आपण आपलं अख्खं मन, आपल्या श्रद्धा, आपलं सौंदर्यप्रेम तिच्यात ओततो. मला या शाखेचं कौतुक वाटतं ते यासाठी की ती या मोहाला जाणूनबुजून आवर घालते.

आता प्रत्यक्ष एका वस्तूकडे बघू. महाराष्ट्रात नेवाशाजवळचं चिरकी, जुन्नर तालुक्यातलं कुकडीकाठचं बोरी, नाशिकजवळचं गंगापूर अशा नदीकाठच्या ठिकाणी अश्मयुगीन हातकुऱ्हाडी सापडल्या आहेत. चेन्नईच्या वायव्येला अत्तिरमपक्कम इथे शांती पप्पू आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या उत्खननातून अशा हत्यारांचं वय सुमारे १५ लाख वर्षं असल्याचं २०११ मध्ये जाहीर झालं. आफ्रिकेत केनियातल्या सगळ्यात जुन्या हातकुऱ्हाडी साधारण १७.६ लाख वर्षांपूर्वीच्या आहेत. हातकुऱ्हाडीला दांडा नसतो. तळहातात मावणारा किंवा त्याहून थोडा मोठा दगड, एका टोकाला निमुळता, दुसऱ्या टोकाला भरीव, दोन्ही अंगांनी ताशीव आणि कडेनं धारदार.

ती घडते कशी? एका हातात घडवायचा दगड, म्हणजे गाभा. दुसऱ्या हातात गोटा. घाव कुठेही घातला तर काही होत नाही, हाताला झिणझिण्या तेवढ्या येतात. गाभ्याच्या कडेचा कोन ९० अंशांपेक्षा कमी असेल आणि घाव कडेच्या किंचित आत, योग्य दिशेनं बसला, तरच खालच्या अंगानं पातळ छिलका सुटतो. छिलका सुटला की त्या जागी खोलगट वण उरतो. आता दगड उलटा करायचा आणि त्याच वणाच्या कडेवर पुढचा घाव घालायचा. कडा कच्ची असेल तर आधी ती दुसऱ्या दगडानं घासून पक्की करायची. जोर कमी पडला तर छिलका अर्ध्यातच तुटतो आणि तिथे एक पायरी तयार होते. मग पुढचे छिलकेही त्या पायरीशी येऊन अडकतात. जोर जास्त झाला तर गाभ्याचेच दोन तुकडे. म्हणजे प्रत्येक घाव घालताना दोन गोष्टींचं भान लागतं: आत्ता निघणारा छिलका आणि त्यानंतर निघणाऱ्या छिलक्याची जागा. शिवाय या सगळ्यातून शेवटी जो आकार यायचा आहे, तो समोर दिसत नसतानाही ध्यानात ठेवावा लागतो.

हे घाव दगडावर तसेच राहतात. कुठला आधी, कुठला नंतर, हे एकमेकांवर चढलेल्या वणांवरून ओळखता येतं. काही ठिकाणी तर आजूबाजूला पडलेले छिलके गोळा करून ते पुन्हा गाभ्यावर बसवता येतात आणि उलट्या क्रमानं मूळ दगडापर्यंत पोचता येतं. कर्नाटकातल्या हुणसगी खोऱ्यात इसामपूर इथे डेक्कन कॉलेजच्या के. पद्दय्या यांनी अशी एक अख्खी कामाची जागा उघडली. चुनखडीच्या फरशा, अर्धवट टाकून दिलेले नमुने, ठोकायचे गोटे, छिलक्यांचा खच, सगळं जागच्या जागी. विचार सापडला नाही तरी विचारानं हाताकडून करून घेतलेल्या कामाचा क्रम मात्र असा हाती लागतो.

थॉमस विन या अमेरिकी पुरातत्त्वज्ञाने १९७९ मध्ये हातकुऱ्हाडींची सममिती पहिल्यांदा मानसशास्त्राच्या कसोटीला लावली. त्याने आधार घेतला तो झाँ पियाजेच्या सिद्धांताचा. मुलांची बुद्धी टप्प्याटप्प्यानं कशी वाढते, आकार, अवकाश, उलट-सुलट क्रम यांची समज कोणत्या टप्प्यावर येते, हे पियाजेनं मांडलं होतं. नंतरच्या काळातल्या सुबक हातकुऱ्हाडी करायला त्यातली बरीच वरची समज लागते, असं विनचं म्हणणं होतं. मूल मोठं होण्याचे टप्पे आणि मानवजातीच्या उत्क्रांतीचे टप्पे एकच मानायला आधार नाही, अशी टीका त्यावर झाली. पुढे विननेही पियाजेची चौकट बाजूला ठेवली. तरी त्याच्या त्या लेखानं दार उघडलं.

त्यानंतर प्रयोग सुरू झाले, आणि मला हा भाग सगळ्यात रंजक वाटतो. डिट्रिच स्टाउट या संशोधकाने सहकाऱ्यांसह दगड घडवणाऱ्या आजच्या माणसांच्या मेंदूची चित्रं घेतली. मेंदूच्या स्कॅनरमध्ये झोपून दगड फोडता येत नाही. म्हणून आधी अत्यल्प किरणोत्सर्गी द्रव शरीरात सोडायचा, माणसानं दगड घडवत बसायचं, त्या वेळी मेंदूच्या ज्या भागाला जास्त काम पडतं तिथे तो द्रव जास्त शोषला जातो, आणि नंतर स्कॅनमध्ये तो दिसतो. साधे धारदार छिलके काढताना, म्हणजे २६ लाख वर्षांपूर्वीपासून आफ्रिकेत होत आलेल्या कामात, नजर आणि हात यांचा मेळ घालणारे भाग कामाला लागले. हातकुऱ्हाड घडवताना त्यात मेंदूच्या पुढच्या अंगाच्या उजव्या बाजूच्या एका भागाची भर पडली. छोट्या कृती मोठ्या कृतीत बसवून क्रम लावण्याशी या भागाचा संबंध आहे. डाव्या बाजूला त्याच्याच जोडीचा भाग भाषेसाठी प्रसिद्ध आहे. त्यामुळे हत्यारं आणि भाषा एकाच मुळातून वाढली असावीत, हा विचार जोर धरू लागला.

२०१७ मध्ये शेल्बी पुट यांच्या गटाने वेगळ्या तंत्रानं, डोक्यावर प्रकाशाचे संवेदक बसवून, हाच प्रश्न तपासला. काही जणांना बोलून शिकवलं, काहींना शब्दांविना. हातकुऱ्हाड घडवताना तात्पुरती स्मृती आणि हालचालींचं नियोजन यांचे भाग जागे झाले. भाषेच्या भागांचं काम मात्र बरंचसं शिकवण्याच्या पद्धतीवर अवलंबून निघालं. म्हणजे स्टाउटच्या चित्रात दिसलेला भाषेचा संबंध काही अंशी आजच्या माणसांच्या शिकण्याच्या सवयीतून आला असू शकतो. मला यातून समजतं ते असं की भाषेबद्दलचा दावा सध्या हातचा राखून करायला हवा, पण नियोजनाबद्दलचा दावा दोन्ही वेगवेगळ्या प्रयोगांतून भक्कम झाला.

शिकण्याबद्दलचा आणखी एक प्रयोग २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात १८४ जणांना छिलके काढायला शिकवलं गेलं. काहींना फक्त तयार छिलके दाखवले, काहींना दुसऱ्याचं काम बघू दिलं, काहींना हातात हात धरून शिकवलं, काहींना खुणांनी, काहींना शब्दांनी. शिकलेल्यानं पुढच्याला शिकवायचं, अशी साखळी होती. नुसतं बघून शिकणाऱ्यांची प्रगती जेमतेम झाली. खुणांनी आणि विशेषतः शब्दांनी शिकवल्यावर छिलक्यांचा दर्जा स्पष्टपणे वाढला. लाखो वर्षं पिढ्यानपिढ्या हत्यारं घडत राहिली, त्या अर्थी कुणीतरी कुणालातरी थांबून, वेळ देऊन दाखवत असावं, असा तर्क यातून निघतो.

वानरांच्या बाजूनंही हा प्रश्न विचारला गेला. कान्झी नावाच्या बोनोबोला, म्हणजे चिंपांझीच्या जवळच्या नात्यातल्या वानराला, १९९० पासून निकोलस टॉथ आणि कॅथी शिक यांनी दगड फोडायला शिकवलं. दोरी कापून खाऊ मिळवायचा म्हणून तो शिकलाही. छिलके काढायचा, कधी दगड जमिनीवर आपटून तुकडे करायचा. पण कडेचा कोन ओळखून तो टिकवत नेणं त्याला जमलं नाही, त्याच्या गाभ्यांच्या कडा ठोकून ठोकून बोथट झालेल्या दिसतात. २६ लाख वर्षांपूर्वीचे कारागीर या बाबतीत त्याच्या पुष्कळ पुढे होते.

आता तात्पुरत्या स्मृतीबद्दल थोडं सविस्तर, कारण या शाखेतला सगळ्यात मोठा वाद तिच्याभोवती आहे. ४७ ला ६ नं तोंडी गुणून बघा. चाळीस सख दोनशे चाळीस, हे बाजूला धरून ठेवायचं, सात सख बेचाळीस, मग दोन्हींची बेरीज. ते दोनशे चाळीस काही क्षण जिथे धरून ठेवलंत आणि त्याच वेळी दुसरं काम केलंत, त्या क्षमतेला मानसशास्त्रात कार्यस्मृती म्हणतात. अॅलन बॅडली आणि ग्रॅहम हिच यांनी १९७४ मध्ये तिचा आराखडा मांडला. विनला पुढे फ्रेडरिक कूलिज हा मानसशास्त्रज्ञ सहकारी मिळाला. २००१ पासून दोघांनी मिळून असं मांडलं की गेल्या लाखभर वर्षांत कधीतरी आपल्या पूर्वजांची कार्यस्मृती एखाद्या छोट्या जनुकीय बदलामुळे वाढली, आणि त्यातून सापळे लावणं, लांबचं नियोजन, कल्पनेतले प्राणी घडवणं शक्य झालं.

हे खरं मानायचं तर पुरावा कसा शोधायचा? दक्षिण आफ्रिकेतल्या सिबुडू गुहेतला डिंक हे त्याचं सुरेख उदाहरण आहे. सुमारे ७०,००० वर्षांपूर्वी तिथले लोक दगडी पाती लाकडी दांड्याला चिकटवायचे. पात्यांवर झाडाच्या डिंकाचे आणि गेरूचे अंश सापडले. पुरातत्त्वज्ञ लिन वॅडली यांनी तोच माल घेऊन डिंक स्वतः बनवून पाहिला. नुसता डिंक ठिसूळ होतो आणि दमट हवेत सुटतो. गेरू घातला की घट्ट धरतो. पण प्रत्येक झाडाच्या डिंकाचा ओलेपणा वेगळा, प्रत्येक गेरूचा कस वेगळा, म्हणून ठरलेलं माप चालत नाही. विस्तवाच्या फार जवळ नेला तर डिंकात बुडबुडे येऊन तो कमजोर पडतो, लांब ठेवला तर वाळत नाही. चिरोट्यांसाठी एकतारी पाक करताना आपण जसं बोटांत तार बघत, आच कमी-जास्त करत, पुढचा घाणा तयार ठेवत उभे असतो, तशीच ही अवस्था, फक्त दोन्ही हातांत दांडा आणि पातं धरलेलं. वॅडली यांचा निष्कर्ष असा की हे काम पाठ करून होत नाही. अनेक बदलत्या गोष्टींवर एकाच वेळी लक्ष ठेवून त्या त्या क्षणी निर्णय घ्यावा लागतो. ते लोक या बाबतीत आपल्यासारखेच होते.

मग निअँडरथल, म्हणजे आपले नामशेष झालेले जवळचे नातलग? त्यांच्याकडेही चिकट पदार्थ होता, भूर्ज जातीच्या झाडाच्या सालीपासून काढलेलं डांबर. हवा लागू न देता साल तापवली तरच ते निघतं, असं मानलं जायचं आणि म्हणून निअँडरथलांची बुद्धी फार पुढारलेली, असा युक्तिवाद होता. २०१९ मध्ये पॅट्रिक श्मिट आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की नदीतल्या गुळगुळीत गोट्याशेजारी ती साल नुसती जाळली तरी गोट्यावर डांबराचा थर जमतो आणि तो खरवडून घेता येतो. म्हणजे डांबर सापडलं एवढ्यावरून मोठी बुद्धी सिद्ध होत नाही. २०२३ मध्ये श्मिट यांच्याच गटाने जर्मनीतल्या क्योनिग्झाउए इथल्या निअँडरथलांच्या डांबराचे दोन खरे तुकडे रासायनिक तपासणीला घेतले. वेगवेगळ्या पद्धतींनी नवीन डांबर करून त्यांच्याशी ताडून पाहिलं. आणि निघालं असं की ते तुकडे जमिनीखाली, हवा अडवून केलेल्या अवघड पद्धतीशी जुळतात. चार वर्षांच्या अंतरानं त्याच माणसाने आपल्याच निष्कर्षाची दुसरी बाजू सिद्ध केली. ‘कमीत कमी केवढं मन’ हा प्रश्न प्रामाणिकपणे विचारला तर संशोधन असं चालतं. निअँडरथलांना कमी लेखण्याची आणि त्यांना डोक्यावर घेण्याची, दोन्ही प्रकारची घाई त्यानं थांबते.

कूलिज आणि विन यांचा जनुकीय बदलाचा मुद्दा मात्र मला अजून पटत नाही. कार्यस्मृती वाढली असेलही, पण एका बदलानं ती झटक्यात वाढल्याचं दाखवणारा पुरावा दगडांत नाही, आणि अशी कौशल्यं अनेक ठिकाणी मागेपुढे उगवलेली दिसतात. त्यांचा दुसरा दाखला मात्र विलक्षण आहे. जर्मनीतल्या होलेनश्टाइन-श्टाडेल गुहेत १९३९ मध्ये मॅमथच्या सुळ्याचे तुकडे मिळाले. ते जोडल्यावर सिंहाचं डोकं आणि माणसाचं शरीर असलेली सुमारे ३१ सेंटीमीटर उंचीची मूर्ती उभी राहिली. वय सुमारे ४०,००० वर्षं. आजच्या कारागिरानं दगडी हत्यारांनी तशीच मूर्ती करून पाहिली तेव्हा साडेतीनशे तासांहून जास्त वेळ लागला. असा प्राणी कुणी कधी पाहिलेला नसतो. ‘माणूस’ आणि ‘सिंह’ या दोन वेगळ्या कल्पना मनात एकत्र धरायच्या, त्यातून तिसरी बनवायची आणि ती शेकडो तास न विसरता सुळ्यातून बाहेर काढायची, एवढं तरी त्या मनाला जमत होतं. त्यामागे देव होता, गोष्ट होती की आणखी काही, हे मूर्ती सांगत नाही.

नुसत्या रेघांबाबतही हेच. १८९०च्या दशकात युजीन द्युब्वा यांनी जावा बेटावर त्रिनिल इथे गोळा केलेले शिंपले नेदरलँड्समधल्या लायडनच्या संग्रहालयात पडून होते. त्यातल्या एकावर नागमोडी कोरीव रेघ असल्याचं शतकाहून अधिक काळानंतर ध्यानात आलं आणि २०१४ मध्ये ते प्रसिद्ध झालं. ती रेघ सुमारे पाच लाख वर्षांपूर्वी होमो इरेक्टस या आदिमानवानं कोरलेली आहे. दक्षिण आफ्रिकेतल्या ब्लोम्बोस गुहेत ७०,००० वर्षांहून जुन्या गेरूच्या तुकड्यांवर तिरप्या रेघांची जाळी आहे. आपल्याकडे चाळीसगाव तालुक्यातल्या पाटणे इथे एस. ए. साळी यांच्या उत्खननात शहामृगाच्या अंड्याचं कोरलेलं कवच मिळालं, सुमारे २५,००० वर्षांपूर्वीचं. होय, जळगाव जिल्ह्यात तेव्हा शहामृगं होती. त्या कवचावर समांतर रेघा आणि त्यांच्यामधल्या पट्ट्यात आडव्यातिरप्या रेघांची जाळी. हद्द आखायची आणि हद्दीच्या आत भरायचं, ही शिस्त ब्लोम्बोसमध्येही दिसते आणि पाटण्यातही. याचा अर्थ त्या दोन ठिकाणांचा संबंध होता असा नाही. माणसाच्या नजरेला आडव्या, उभ्या, तिरप्या रेघा फार ठळक जाणवतात, दृष्टीशी संबंधित मेंदूचा भाग त्यांच्यावर विशेष प्रतिक्रिया देतो. म्हणून हात रिकामा असला की अशाच रेघा उमटण्याकडे कल असतो, असं काही संशोधक मानतात. पाटण्याचं ते कवच शाळेच्या पुस्तकांत मोठं छापायला हवं, असं मला मनापासून वाटतं.

चेहरे बघण्याची आपली सवयही अशीच खोल आहे. दक्षिण आफ्रिकेतल्या माकापान्सगाट इथे मिळालेल्या एका लालसर गोट्यावर निसर्गतःच दोन डोळे आणि तोंड असल्यासारखे खळगे आहेत. तो दगड त्या जागेचा नाही, कुणीतरी लांबून आणलेला आहे, आणि तो सुमारे ३० लाख वर्षांपूर्वीच्या ऑस्ट्रॅलोपिथेकस या माणसाआधीच्या, दोन पायांवर चालणाऱ्या जीवाच्या अवशेषांबरोबर मिळाला. त्या जीवाला त्यात चेहरा दिसला का? दिसला असणं शक्य आहे, सिद्ध करता येत नाही. स्पेनमधल्या गुहांत मात्र बरीच चित्रं भिंतीच्या नैसर्गिक फुगवट्यांचा आणि भेगांचा उपयोग करून काढलेली आहेत. भेग पाठीची रेघ होते, फुगवटा पोट होतो. दिव्याच्या हलत्या उजेडात भिंतीत आधी प्राणी ‘दिसला’ आणि मग रंगानं पुरा केला, असं म्हणायला इथे चांगला आधार आहे.

जॉर्जियातल्या दमानिसी इथली एक कवटी १७.७ लाख वर्षांपूर्वीची आहे. मरताना त्या माणसाचा फक्त एक दात शिल्लक होता, आणि बाकी दातांच्या खोबणी हाडानं भरून आल्या होत्या. म्हणजे दात गेल्यावर तो काही वर्षं तरी जगला. कुणी त्याला मऊ अन्न देत होतं का? बरेच अभ्यासक हो म्हणतात. पण दगडानं ठेचून मगज आणि मांस खाणं त्याला एकट्यालाही जमू शकलं असतं, ही शंका रास्त आहे. इराकमधल्या शानिदार गुहेतला एक निअँडरथल याहून बोलका आहे. त्याचा एक डोळा बहुधा निकामी होता, उजवा हात कोपराच्या वरून गेलेला होता, तरी तो त्या काळाच्या मानानं म्हातारा होऊन मेला. इथे आधार मिळाला असणार असं म्हणताना मला संकोच वाटत नाही. त्याच गुहेतल्या दुसऱ्या एका सांगाड्याजवळ फुलांचे परागकण मिळाले आणि ‘फुलं वाहून केलेलं दफन’ जगभर प्रसिद्ध झालं. पण ते पराग बिळं करणाऱ्या उंदरांसारख्या प्राण्यांनी किंवा मधमाश्यांनी आणलेले असू शकतात. ही कहाणी लोकांना सोडवत नाही, कारण ती आपल्या मनाला हवीहवीशी आहे.

शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी इनामगावला डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ पर्यंत उत्खनन केलं. इ.स.पू. १६०० ते ७०० या काळातली ती ताम्रपाषाणयुगीन वस्ती. तिथे लहान मुलांना दोन मोठी मडकी तोंडाला तोंड लावून त्यांच्यात ठेवलेलं आणि घराच्या जमिनीखाली पुरलेलं आढळतं. मोठ्या माणसांचं दफन उत्तरेकडे डोकं करून, आणि पुरण्याआधी त्यांचे पाय घोट्यापासून तोडलेले. एखाद्या सांगाड्याचे पाय गेले असते तर अपघात म्हणता आला असता. इथे हे पुन्हा पुन्हा दिसतं, म्हणून ही रूढी होती हे नक्की. मेलेल्याला घरातच ठेवायचं हेही नक्की, कारण जमिनीखालीच पुरलं आहे. मेलेला चालत निघून जाऊ नये किंवा भूत होऊन फिरू नये म्हणून पाय तोडत असावेत, हा अर्थ मात्र अभ्यासकांनी लावलेला आहे. तो मला पटतो. तरी हॉक्सच्या शिडीवर आपण इथे तंत्रावरून थेट श्रद्धेच्या पायरीवर उडी मारतो, हे वाचकाला सांगितलं पाहिजे. मुलांचे पाय तोडत नसत आणि मोठ्यांचे तोडत, या फरकात त्या लोकांनी मूल आणि मोठा माणूस यांना वेगळं कसं मानलं याचा धागा आहे. त्याच्यावर अजून काम व्हायला वाव आहे.

मानसशास्त्राच्या बाजूनं एक मोठी त्रुटी २०१० मध्ये जोसेफ हेन्रिक आणि सहकाऱ्यांनी दाखवून दिली. ‘माणसाचं मन असं चालतं’ असं सांगणारे बहुतेक प्रयोग पाश्चात्त्य, शिकलेल्या, श्रीमंत देशांतल्या लोकांवर, बऱ्याचदा कॉलेजच्या विद्यार्थ्यांवर झालेले असतात. आजच्याच जगातली बाकीची माणसं त्यांच्यापेक्षा पुष्कळ गोष्टींत वेगळी निघतात. मग पाच लाख वर्षांपूर्वीच्या मनासाठी तीच मापं वापरताना किती जपायला हवं! त्यामुळेच आपल्याकडच्या जागा आणि आपल्याकडची माणसं या अभ्यासात यायला हवीत, असं मला वाटतं.

कोकणातली कातळशिल्पं हे त्यासाठी हक्काचं क्षेत्र आहे. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गाच्या सड्यांवर, म्हणजे उघड्या कातळपठारांवर, गोव्यात कुशावती नदीकाठच्या उसगाळीमळला, जांभ्या दगडावर माणसं, मासे, हत्ती, वाघ आणि नुसत्या भौमितिक चौकटी कोरलेल्या आहेत. काही ठिकाणी गेंडाही आहे, जो आज कोकणात कुठेच नाही. सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गावोगाव सडे पालथे घालून यातली शेकडो चित्रं उजेडात आणली. २०२२ मध्ये यातल्या नऊ जागा युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेल्या. राजापूर तालुक्यात कशेळीचा हत्ती १५ मीटरांहून लांब आहे आणि त्याच्या देहरेषेच्या आत इतर अनेक प्राणी कोरलेले आहेत. सड्यावर उभं राहिलं तर तो हत्ती एका नजरेत येत नाही, कुणाला तो अख्खा दिसतो तो ड्रोनमधून. कोरणाऱ्याकडे तशी उंच जागा नव्हती. त्यानं पायाखालची रेघ कोरताना सोंड कुठे संपणार आणि मागचा पाय कुठे येणार हे ताडलं कसं?

हा प्रश्न आज तपासता येण्यासारखा आहे. एखाद्या कॉलेजनं मोकळ्या सड्यावर, कातळशिल्पांपासून दूर, मुलांच्या हातात खडू द्यावेत आणि वरून न बघता १५ मीटरांचा हत्ती काढायला सांगावा. काही गटांना दोरी द्यावी, काहींना पावलांनी मोजू द्यावं, काहींना एकट्यानं काढू द्यावं, काहींना लांब उभ्या असलेल्या सोबत्याच्या हाकांवर. मग प्रत्येक चित्र ड्रोननं टिपून कुठे प्रमाण बिघडतं ते कशेळीच्या रेषांशी ताडून पाहावं. दोरीनं काढलेल्या हत्तीतल्या चुका एका तऱ्हेच्या असतील, हाकांवर काढलेल्यातल्या दुसऱ्या. मूळ रेषेतल्या चुका कोणत्या तऱ्हेशी जुळतात त्यावरून तो हत्ती एकट्याचं काम होता की मिळून केलेलं, याबद्दल काही सांगता येईल. मात्र त्यासाठी मूळ रेघा जागेवर हव्यात. कित्येक चित्रं खासगी जमिनींत, रस्त्यांच्या आणि चिरेखाणींच्या तोंडाशी आहेत. एकदा चिरा काढला की ती रेघ पुन्हा मोजता येत नाही.